पाण्याचा पॉईंट

आमच्या गावात ती दोन आठवडे राहिली आणि त्या सगळ्या दिवसांत गावानं तिला एकच प्रश्न विचारला, पाणी कुठं लागंल. तू कोण, कुठून आलीस, काय शिकलीस, कानाला ते लावून काय ऐकतेस, यातलं कुणाला काही पडलेलं नव्हतं. वर्ष होत आलं, तरी माझा राग उतरलेला नाही. हे लिहितेय तेही रागातच.

मी लोहाऱ्याला ज्युनिअर कॉलेजात फिजिक्स शिकवते. राहायला माकणीत, सासरच्या घरी. आमचं शेत निम्न तेरणा धरणाच्या अगदी कडेला आहे, पाणी चढलं की बांधापर्यंत येतं. अर्धं शेत आमचं, अर्धं थोरल्या दिरांचं. वाटणी झालेली आहे, पण ती कागदावर. विहीर, कोठा, कुंपण सगळं त्यांच्या ताब्यात, आणि माझ्या नवऱ्याचं म्हणणं एकच, जाऊ दे.

पुण्याला शिक्षकांच्या एका प्रशिक्षणाला गेले होते, तिथं ती मला पहिल्यांदा दिसली. सकाळचं पहिलं व्याख्यान खगोलभौतिकीचं होतं. व्यासपीठावर एक तरुण आफ्रिकन मुलगी लॅपटॉपची वायर जोडत होती. बारीक वेण्या, साधा सुती कुर्ता. माझ्या शेजारचे मास्तर घड्याळ बघून म्हणाले, "सर अजून आले नाहीत वाटतं." मी म्हटलं, सर येणार नाहीत, आल्यात त्या बघा. ते माझ्याकडं असे बघायला लागले की मीच काहीतरी वावगं बोलले.

ती झांबियाची. आई मका पिकवणारी. शाळा लांब, म्हणून पहिली काही वर्षं ती रेडिओवरून शिकली. शेजारपाजारची पोरं एका अंगणात जमायची, मधे रेडिओ ठेवलेला, आणि ठरल्या वेळी धडा लागायचा. धडा संपला की पोरं पळायची. ही मात्र काटा दोन स्टेशनांच्या मधे आणून नुसती खरखर ऐकत बसायची. सेल संपवते म्हणून आईच्या हातचा मार खायची. पुढं विद्यापीठात गेल्यावर तिला कळलं की त्या खरखरीतला थोडासा भाग आकाशातून येतो, आपल्या आकाशगंगेतून. हे सांगताना ती हसली आणि म्हणाली, "मग मी आईला पत्र लिहिलं, की मी सेल वाया घालवत नव्हते." तिथून शिष्यवृत्तीवर दक्षिण आफ्रिकेत डॉक्टरेट, आणि मग पुण्याच्या संस्थेत दोन वर्षांसाठी संशोधक.

ती शोधत काय होती, ते मी आधी सांगते, कारण आमच्याकडं ते कुणी ऐकून घेतलं नाही. विश्व जन्मल्यावर पहिला तारा पेटायच्या आधी एक लांबलचक अंधार होता. त्या अंधारात सगळीकडं हायड्रोजन भरलेला होता. पहिले तारे पेटले तेव्हा त्या हायड्रोजनवर जो परिणाम झाला, त्याची खूण रेडिओलहरींच्या रूपानं अजून आपल्यापर्यंत पोहोचते, पण इतकी क्षीण की विचारू नका. वर्गात मी सांगते, दारात वरातीचा डीजे वाजतोय आणि आत पाळण्यात निजलेल्या बाळाचा श्वास ऐकायचाय. म्हणून तिला मोबाइल टॉवरपासून लांबची जागा हवी होती. शिवाय खाली दगडमातीची जमीन नको होती, कारण जमीन जागोजागी वेगळी वागते. तिला मोठं, सपाट पाणी हवं होतं, अँटेना तरंगत ठेवायला. आणि वेळ हिवाळ्याचीच, कारण तेव्हा रात्री आकाशगंगेचा झगझगीत भाग डोक्यावर नसतो. नोकरी दोन वर्षांची, म्हणजे हातात हिवाळे दोनच.

चहाच्या वेळी मी सहज म्हटलं, "आमच्या शेताला लागून धरण आहे, या की." ती खरंच आली. संस्थेनं धरणाची परवानगी काढली आणि डिसेंबरात एक जीप आमच्या दारात उभी राहिली.

घरात ती पहिल्या दिवशीच रुळली. चुक्याच्या भाजीत शेंगदाण्याचा कूट बघून म्हणाली, अशीच भाजी माझी आई करते. ज्वारीच्या कण्यांचा गोळा हातानं वळून ती असा खायची की माझ्या सासूबाई असत्या तर खूश झाल्या असत्या. माझी जाऊ मात्र दारात उभी राहून तिला न्याहाळत होती. शेवटी मला म्हणाली, "रंग सोडला तर नाकीडोळी नीटस हाय बघा."

"रंग सोडून ठेवायचा कुठं?" मी म्हटलं. "फळीवर?"

जाऊ फुगून घरी गेली. मला काही वाटलं नाही. मला बघायला आलेल्या पाहुण्यांनीही हेच वाक्य म्हटलं होतं, आणि तेव्हा मला उत्तर द्यायची सोय नव्हती.

अँटेना पाण्यात सोडायच्या आधी आसपास रेडिओचा गोंगाट कुठून येतो ते शोधायचं होतं. म्हणून ती हातात एक छोटी अँटेना, गळ्यात मशीन आणि कानाला हेडफोन लावून बांधाबांधानं फिरायला लागली. दोन पावलं टाकायची, थांबायची, अँटेना फिरवायची, डोळे मिटून ऐकायची. मी बरोबर. एका ठिकाणी, दिरांच्या हद्दीतल्या लिंबाजवळ, ती बराच वेळ उभी राहिली. मग हेडफोन माझ्या कानाला लावला. टिक. टिक. टिक. घड्याळासारखं एकसारखं.

मी ओळखलं. झटका मशीन. रानडुकरांनी हरभरा खाऊ नये म्हणून शेताभोवती तार ओढायची आणि तिच्यात मशीननं ठरावीक अंतरानं विजेचा झटका सोडायचा. आता आमच्याकडं बहुतेक शेतांना असतो, पण धरणाच्या इतक्या कडेला फक्त आमच्याच. लिंबाखाली गवत वाढून तारेला टेकलं होतं, दवानं ओलं झालं होतं, आणि तिथं ठिणगी उडत होती. दर ठिणगीला तिच्या मशीनमध्ये टिक. एका जागचं गवत कापलं तरी एवढ्या लांब तारेला दुसरीकडं कुठंतरी टेकणारच. "हे बंद झालं तर इथलं पाणी उत्तम आहे," ती म्हणाली. तिचा चेहरा उजळला होता.

आम्ही दोघी लिंबाखाली उभ्या होतो तेव्हा थोरले दीर पलीकडच्या बांधावरून बघत होते. आणि ते एकटेच बघत नव्हते.

आमच्या भागात बाई किंवा बुवा रानात असा थांबत थांबत फिरला तर त्याचा अर्थ एकच. पाणाडी. तळहातावर नारळ घेऊन फिरणारा. नारळ उभा राहिला की तिथं पाणी, तिथं बोअर पाडायचा. हल्ली नारळाच्या जागी मशीनवालेही येतात आणि पॉईंट काढून देतात. तेव्हा परदेशातून आलेली बाई, गळ्यात एवढं महागाचं मशीन, डोळे मिटून लिंबाखाली उभी राहिली म्हटल्यावर लोकांना वेगळं काही सुचणारच नव्हतं. इथवर मी समजू शकते. रागावले ते पुढच्यासाठी.

दुसऱ्या दिवशी सकाळी अंगणात माणसं. कुणी नारळ घेऊन, कुणी हळदीकुंकू, एक जण तर पार ढोकीहून ट्रॅक्टरवर आलेला. "ताई, त्यास्नी म्हणावं आमच्याबी रानात या, येकच पॉईंट." मी समजावलं. ही खगोलशास्त्रज्ञ आहे, आकाशातून येणाऱ्या लहरी ऐकते, पाण्याशी हिचा संबंध नाही. लोक मान डोलवायचे आणि पुन्हा नारळ पुढं करायचे. तिनं स्वतः मोडकंतोडकं मराठी जुळवून सांगितलं, "पाणी नाही. मला माहीत नाही." त्यावर ढोकीवाला माझ्याकडं बघून डोळे मिचकावत म्हणाला, "पाणाडी बी आदी न्हायच म्हणतो."

आता यावर काय करायचं? ती जितकं नाही म्हणेल तितका लोकांचा विश्वास वाढत होता. डॉक्टरेट झालेली मुलगी अंगणात उभी, ओंजळीत कुणीतरी कोंबलेला नारळ, आणि समोरची माणसं तिच्या तोंडाकडं न बघता नारळाकडं बघतायत. मी तो नारळ घेऊन पायरीवर आपटला. खोबरं सगळ्यांना वाटलं. त्याचा अर्थ लोकांनी पूजा झाली असा घेतला.

संध्याकाळी आम्ही दोघी दिरांकडं गेलो. तार आठवडाभर बंद ठेवा, एवढीच विनंती होती. हरभऱ्याची राखण करायला मी गडी लावते म्हटलं. झटक्याचं मशीन कोठ्यात असतं, कोठ्याला कुलूप असतं आणि किल्ली त्यांच्या करदोड्याला, त्यामुळं विनंतीशिवाय इलाज नव्हता. दीर बाजेवर बसून सुपारी कातरत होते.

"करतो की बंद," ते म्हणाले. "पर मास्तरीणबाई, तुमच्या पाव्हणीला म्हणा, मला येक पॉईंट काढून द्या."

मी तिला सांगितलं. खरं सांगायचं तर मी हेही सांगितलं की कुठंतरी बोट दाखव आणि मोकळी हो, इथले लोक तसेही ऐकणार नाहीत. तिनं मान हलवली. "ते तिथं खोदतील," ती म्हणाली. "मी दाखवलं म्हणून खोदतील. हे मी नाही करू शकत."

मी दिरांना सांगितलं, तिला कळत नाही आणि खोटं ती सांगणार नाही. दीर हसले. "ऱ्हाऊ द्या. आमास्नी कळलं काय कळायचं ते. तार बंद करतो म्हणा." इतक्या सहज तयार झाले म्हणून मला बरं वाटलं. तिनं त्यांना वाकून नमस्कार केला. जावेला आपल्या देशातलं रंगीत छापाचं कापड दिलं. जावेनं ते उलटंपालटं बघून कपाटात ठेवलं.

तिसऱ्या दिवशी अँटेना पाण्यावर सोडली. थर्माकोलचा तराफा, वर धातूचं उलट्या पाटीएवढं काहीतरी, खाली बंद डबा. ते मधोमध तरंगायला लागलं तेव्हा ती काठावर उकिडवी बसून बघत राहिली. मला म्हणाली, "पहिला तारा कधी पेटला, हे अजून कुणाला माहीत नाही." एवढं साधं बोलली. मागं बाया धुणं धूत होत्या, त्यांनी मला विचारलं, ते काय, पाणी मोजायचं हाय का?

त्याच आठवड्यात शेतात बोअरची गाडी आली. दिरांनी लिंबाखाली दगड रचून खूण करून ठेवली होती, ती जिथं जास्त वेळ उभी राहिली होती तिथंच. मला कळलं तेव्हा गाडीचा आवाज घरापर्यंत येत होता. मी पळत गेले. सांगितलं, भाऊजी, तिथं गवत तारेला टेकलंय, ठिणगी उडते, म्हणून ती थांबली होती. ते म्हणाले, तुमी कालिजात शिकवा. दिवसभर गाडी चालली. खालून पांढरा फुफाटा आला, नुसता फुफाटा. सगळ्या रानावर, लिंबावर, माणसांवर भुकटी बसली.

गाडी गेल्यावर दीर आमच्या अंगणात आले. ती ओट्यावर बसून लॅपटॉपवर काम करत होती. तिच्याकडं बोट करून ते म्हणाले, "पांढऱ्या पायाची आनून ठिवली घरात."

तिला शब्द कळले नाहीत, सूर कळला. मला दोन्ही कळलं. माझ्या लग्नाच्या वर्षी विहीर आटली होती, तेव्हा याच अंगणात, याच माणसाच्या तोंडून, हेच शब्द माझ्यासाठी आले होते. तेव्हा मी पदर तोंडावर घेऊन आत गेले होते. या वेळी गेले नाही. मी इतकं बोलले की शेजारच्या बाया भिंतीवरून बघायला लागल्या. तिनं नको म्हणून सांगितलं होतं, तिनं पॉईंट दाखवला नव्हता, तुम्ही चोरून खूण केली, आणि आता खापर तिच्या माथी? दीर जाताना म्हणाले, "मशीन चांगलंच आसंल. तारेच्या करंटनं चुकतंय ते." नवरा दारात उभा होता. तो म्हणाला, जाऊ दे.

"तारेच्या करंटनं मशीन चुकतंय." माणूस आयुष्यात पहिल्यांदा फिजिक्सचं बरोबर बोलला आणि त्याला ते कळलं नाही. मलाही तेव्हा कळलं नाही. तार बंद होती ना? मग करंट कसला?

ते मला शेवटच्या दिवशी कळलं. जीप भरून झाली होती. मी विचारलं, काम झालं का मनासारखं. ती बोटं मोडायला लागली. मग म्हणाली, "तार कधीच बंद नव्हती."

पहिल्या संध्याकाळपासून टिकटिक होती. तिला लगेच कळलं होतं. ती एकटी कोठ्यापाशी गेली होती, दिरांना खुणेनं विचारलं होतं, आणि ते हसून "बंद, बंद" म्हणाले होते. तिनं तराफा पलीकडच्या काठाला नेऊन बघितला. टिकटिक तिथंही. काही भाग साफ करता येईल, ती म्हणाली, पण जे शोधायचं होतं ते त्यातून निघणार नाही. एक हिवाळा गेला.

"मला का नाही सांगितलंस?" मी ओरडलेच. "मी तार तोडली असती!"

"म्हणूनच नाही सांगितलं," ती म्हणाली. "त्या दिवशी अंगणात तुम्ही माझ्यासाठी भांडलात. तुमच्या बाजूनं कुणी बोललं नाही. मी आज जाणार. तुम्हाला इथंच राहायचंय."

जीप गेली. मी तिथंच उभी राहून रडले, आणि ते रडणं दुःखाचं नव्हतं. संतापाचं होतं. तिच्यावरही राग आला. एवढ्या लांबून आलेली पोर, हातचा अर्धा वेळ आमच्या माणसाच्या खोटेपणावर घालवते आणि वर माझीच काळजी करते. मी तशीच दिरांकडं गेले. त्यांनी नाकारलं नाही. "डुकरं काय तुमच्या चांदण्या खात्यात व्हय?" म्हणाले. "माजा हरभरा खात्यात."

वर्षभर मी प्रयत्न केले. सरळ मार्गानं. दिरांना पुन्हा सांगितलं, हात जोडून. कॉलेजात मुलांपुढं बोलले, ग्रामपंचायतीत बोलले. सगळे म्हणाले, चांगलंय, चांगलंय. तार चालूच. तिचा मेसेज आला की दुसरी एक जागा मिळत होती ती रद्द झाली. हा शेवटचा हिवाळा. तुमच्याकडचं पाणी शांत होण्यासारखं असेल तर कळवा, नसेल तर हे काम मी दुसऱ्या कुणासाठी सोडून देईन. सोडून देईन हा शब्द वाचून मी दिवसभर वर्गात कुणाशी धड बोलले नाही.

जाताना तिनं मला एक गोष्ट शिकवली होती. झटक्याची टिकटिक ऐकायला मोठं मशीन लागत नाही. साधा ट्रान्झिस्टर घ्यायचा, दोन स्टेशनांच्या मधे काटा ठेवायचा. माळ्यावरून नवऱ्याचा जुना ट्रान्झिस्टर काढला, नवे सेल घातले आणि रविवारी सकाळी कानाला लावून बांधानं निघाले. आमच्या हद्दीतली तार मी स्वतः सोडवून टाकली होती, तरी टिकटिक येतच होती. कुठवर येते ते बघत दोन पावलं टाकत होते, थांबत होते, ट्रान्झिस्टर फिरवत होते. मी कशी दिसत असेन, ते माझ्या ध्यानातही आलं नाही.

"मास्तरीणबाई," बांधावरून आवाज आला. दीर उभे होते. आवाज एकदम खाली आलेला. "शिकवलं व्हय तुमास्नी तिनं?"

मी ट्रान्झिस्टरचा काटा जरासा सरकवला.

"लागलं का कुठं?"

मी त्यांच्या तोंडाकडं बघितलं. वर्षभर मी याच तोंडापुढं विश्व, तारे, हायड्रोजन सगळं मांडलं होतं आणि ते सुपारी कातरत राहिले होते. आता डोळे माझ्या हातातल्या ट्रान्झिस्टरला चिकटले होते. माझ्या डोक्यात काहीतरी तडकलं. तिला जे जमलं नव्हतं ते मला जमेल की नाही, हा विचारसुद्धा मी केला नाही.

"लागतंय," मी म्हटलं. "तुमच्याच हद्दीत. पर नीट कळंना. तुमच्या तारेचा करंट मधी येतोय."

"म्या म्हनलंच हुतं!" ते म्हणाले. "गेल्या साली म्हनलं हुतं का न्हाय?"

"व्हय, म्हनला हुता."

"मग तार बंद केली तर?"

"माझ्यानं न्हाय व्हायचं. तिलाच याया लागंल, ते पाण्यावरचं मशीन घिऊन. ती हाय तवर तार बंद पायजे. येकदा जरी चालू झाली तर पॉईंट हुकला."

दिरांनी सदरा वर करून करदोड्याची गाठ सोडली आणि कोठ्याची किल्ली माझ्या हातात दिली. "तुमच्याकडंच ठिवा," म्हणाले. "माज्याकडनं चुकून चालू व्हायची."

"आन् डुकरं?"

"आमी बसू की डबा वाजवत. त्येला काय हुतंय."

ती सोमवारी येतेय. किल्ली माझ्या पर्समध्ये आहे, ट्रान्झिस्टरमध्ये आता नुसती खरखर आहे. माझे दीर, ज्यांना माझ्या चांदण्यांसाठी एक आठवडा निघत नव्हता, ते संध्याकाळपासून बांधावर बसून रिकामा डबा बडवतात. त्या आवाजाचा तिच्या अँटेनाला काही त्रास नाही. ती जाईल, मग ते मला पॉईंट विचारतील, आणि मी त्यांना तोंडावर सांगणार आहे की पाणी नव्हतंच. मला इथंच राहायचंय, ते खरं आहे. राहीन.

काल तिचा मेसेज आला. या वेळी ते कसे काय तयार झाले, विचारत होती.

मी लिहिलं, नीट समजावून सांगितलं.